जुना संगणक आणि बंद दरवाजे : स्क्रिप्टच्या साहाय्याने फाइली उतरवताना

छापखान्यात मराठी मजकुराची जुळणी करणारा संगणक, प्रयोगशाळेतील उपकरणाला कायमचा जोडलेला संगणक, कारखान्यातील लेथ यंत्राला आज्ञा देणारा संगणक. अशा कितीतरी ठिकाणी विंडोज ९८, विंडोज एक्सपी किंवा विंडोज ७ या जुन्या प्रणाली अजूनही कामात आहेत. काही मुद्रणव्यावसायिकांचा मजकूर युनिकोडपूर्व मराठी फाँटमध्ये आणि पेजमेकरच्या फाइलींमध्ये साठवलेला आहे. पेजमेकरची ७.० ही अखेरची आवृत्ती २००१ मध्ये आली आणि तिच्यासोबत तो काळही त्या संगणकात थांबला. नेमून दिलेले काम हे संगणक बिनबोभाट करतात, म्हणून ते बदलले जात नाहीत.

अडचण उभी राहते ती एखादी फाईल हवी असते तेव्हा. प्रिंटरचा ड्रायव्हर असो, सुरक्षेची दुरुस्ती असो किंवा रोज ठरावीक वेळी येणारी दरपत्रकाची फाईल असो. इंटरनेटची जोडणी आहे, वेगही भरपूर आहे, तरी फाईल उतरत नाही. वर्षानुवर्षे विनातक्रार चालणारी स्क्रिप्ट एके दिवशी केवळ त्रुटीचा संदेश देऊन थांबते. जुन्या संगणकाची ताकद कमी पडते असे बहुतेकांना वाटते. प्रत्यक्षात फाईल आणण्याची यंत्रणा आजही शाबूत असते. समोरच्या सर्व्हरची ओळख पटवण्याची आणि त्याच्याशी सुरक्षित भाषेत बोलण्याची पद्धत मधल्या काळात बदललेली असते. हा फरक लक्षात न घेता केलेला उपाय मूळ अडचणीहून अधिक धोक्याचा ठरू शकतो.

स्क्रिप्ट कशासाठी?

स्क्रिप्ट म्हणजे संगणकाने क्रमाने पार पाडायच्या आज्ञांची साध्या मजकुराच्या फाइलीत लिहिलेली यादी. ब्राउझरमध्ये माणूस दुव्यावर टिचकी मारतो, फाईल कोठे ठेवायची ते सांगतो आणि वाट पाहतो. हेच काम स्क्रिप्ट माणसाविना करते. पत्ता तिला आधीच दिलेला असतो, वेळ ठरलेली असते आणि जोडणी तुटली तर काय करायचे हेही सांगून ठेवता येते.

डायल-अपच्या काळात ही केवळ सोय नव्हती, ती गरज होती. ५६ केबीपीएसच्या मोडेमवर सेकंदाला जास्तीत जास्त सात किलोबाइट इतकी माहिती येऊ शके. प्रत्यक्षात चार-पाच किलोबाइट मिळाले तरी समाधान मानावे लागे. सेकंदाला पाच किलोबाइट या वेगाने १० मेगाबाइटची फाईल उतरण्यास सुमारे ३४ मिनिटे लागतात. विंडोज एक्सपीचा दुसरा सर्व्हिस पॅक ऑगस्ट २००४ मध्ये आला. त्याची संपूर्ण फाईल २६६ मेगाबाइटची होती. त्याच वेगाने ती उतरण्यास १५ तास लागले असते. चौदाव्या तासाला दूरध्वनीची जोडणी तुटली आणि पुन्हा पहिल्यापासून सुरुवात करावी लागली, तर सारे श्रम वाया.

यावर उपाय एचटीटीपी १.१ या नियमावलीने दिला. जानेवारी १९९७ मध्ये प्रसिद्ध झालेल्या या नियमावलीनुसार 'या फाईलचा अमुक बाइटपासूनचा पुढचा भाग दे' अशी मागणी सर्व्हरकडे करता येते. सर्व्हरला ते मान्य असेल तर तो २०६ या क्रमांकाचे उत्तर देतो आणि उरलेला भाग पाठवतो. अर्धवट उतरलेली फाईल तेथूनच पुढे सुरू करणारी सर्व साधने याच तरतुदीचा आधार घेतात.

एफटीपीपासून कर्लपर्यंत

फाइलींची देवाणघेवाण ही वेबहून जुनी आहे. एफटीपी या पद्धतीचा पहिला आराखडा एप्रिल १९७१ मध्ये अभय भूषण यांनी लिहिला. कानपूरच्या आयआयटीच्या पहिल्या तुकडीतून पदवी घेतलेले भूषण त्या वेळी अमेरिकेतील एमआयटीमध्ये होते. या पद्धतीचे पुढे रूढ झालेले स्वरूप ऑक्टोबर १९८५ मध्ये निश्चित झाले.

भारतात विदेश संचार निगमने १५ ऑगस्ट १९९५ रोजी सर्वसामान्यांसाठी इंटरनेट सेवा सुरू केली. विद्यार्थ्यांसाठी असलेल्या स्वस्त 'शेल' खात्यात चित्रे दिसत नसत, सारा व्यवहार आज्ञा टंकूनच करावा लागे. फाईल आधी निगमच्या सर्व्हरवर येई आणि तेथून मोडेममार्गे घरच्या संगणकावर उतरवावी लागे. फाईल दोन टप्प्यांत आणण्याची ती रीत तेव्हा नाइलाजाची होती. जुन्या संगणकांसाठी आज तीच रीत सर्वांत सुरक्षित ठरते आहे, हे पुढे दिसेल.

आज्ञेने फाइली आणणाऱ्या साधनांपैकी दोन सर्वाधिक प्रसिद्ध आहेत. त्यांपैकी 'डब्ल्यूगेट' हे क्रोएशियाचे ऱ्वोये निकशिच यांनी लिहिलेले असून १९९६ पासून ते त्या नावाने उपलब्ध आहे. तुटलेले डाऊनलोड पुढे चालू ठेवणे, पुन्हा पुन्हा प्रयत्न करणे आणि एखाद्या संकेतस्थळावरील दुव्यांचा माग काढत सर्व फाइली आणणे ही त्याची वैशिष्ट्ये. दुसरे 'कर्ल'. स्वीडनचे डॅनियल स्टेनबर्ग यांनी मार्च १९९८ मध्ये ते या नावाने प्रसिद्ध केले. कर्ल अनेक प्रकारच्या नियमावलींद्वारे माहिती पाठवू आणि आणू शकते. ही दोन्ही साधने विनामूल्य असून त्यांचा मूळ संकेत सर्वांसाठी खुला आहे.

विंडोजमधील अंगभूत साधने

बाहेरचे काही बसवण्याची मुभा नसेल, तर त्या त्या प्रणालीत आधीच असलेल्या साधनांवर भागवावे लागते. ती पिढीनुसार बदलत गेली.

एफटीपी : विंडोज ९५ पासून एफटीपीचा छोटा प्रोग्रॅम प्रणालीसोबतच येतो. आज्ञांची यादी एका फाइलीत लिहून ती त्याला देता येते. येथे दोन गोष्टी हमखास नडतात. पहिली, हा प्रोग्रॅम मुळात मजकूर-पद्धतीने सुरू होतो. 'बायनरी' ही आज्ञा दिली नाही, तर ओळ संपल्याची चिन्हे बदलली जाऊन प्रोग्रॅमच्या किंवा झिपच्या फाइली बिघडतात. दुसरी, त्यात 'पॅसिव्ह' पद्धतीची सोय नाही. त्यामुळे राउटर किंवा फायरवॉलमागे असलेल्या संगणकावर नाव-परवलीचा शब्द स्वीकारला जातो, पण फाइलींची यादीदेखील येत नाही.

व्हीबीस्क्रिप्ट : विंडोज ९८ सोबत 'विंडोज स्क्रिप्ट होस्ट' आले आणि नोटपॅडमध्ये लिहिलेली व्हीबीस्क्रिप्ट दोन टिचक्यांनी चालू लागली. 'एक्सएमएलएचटीटीपी' हा घटक फाईल मागवतो आणि 'एडीओडीबी स्ट्रीम' हा घटक ती डिस्कवर लिहितो, अशी ही जोडी आहे. दुसरा घटक विंडोज २००० पासून प्रणालीत असतो. विंडोज ९८ वर तो वेगळा बसवावा लागतो. या पद्धतीत संपूर्ण फाईल आधी मेमरीत साठते. ६४ मेगाबाइट मेमरीच्या संगणकावर मोठी फाईल मागवली तर तो गुदमरतो. शिवाय हा घटक इंटरनेट एक्सप्लोररचा साठा वापरतो. त्यामुळे रोज चालणारी स्क्रिप्ट कधी कधी नवी फाईल न आणता कालचीच फाईल पुन्हा हातावर ठेवते. मायक्रोसॉफ्टने ऑक्टोबर २०२३ मध्ये व्हीबीस्क्रिप्ट टप्प्याटप्प्याने बंद करण्याचे जाहीर केले. त्यामुळे नव्या कामासाठी तिची निवड करू नये.

बिट्स : विंडोज एक्सपीसोबत आलेली ही सेवा जोडणीतील रिकामा वेग वापरून पार्श्वभूमीवर फाइली उतरवते आणि संगणक बंद करून पुन्हा सुरू केला तरी काम पुढे नेते. विंडोजच्या दुरुस्त्या याच सेवेमार्फत येत असत. 'बिट्सअॅडमिन' या आज्ञेने ती स्क्रिप्टमधून वापरता येते.

पॉवरशेल : नोव्हेंबर २००६ मध्ये आलेल्या पॉवरशेलमध्ये 'वेबक्लायंट' या घटकाच्या साहाय्याने दोन ओळींत फाईल उतरवता येते. २०१२ च्या तिसऱ्या आवृत्तीपासून त्यासाठी स्वतंत्र आज्ञाच आहे. विंडोज एक्सपीवर मात्र पॉवरशेलची दुसरी आवृत्तीच चालते, त्यापुढची नाही.

विंडोज १० च्या एप्रिल २०१८ च्या आवृत्तीपासून कर्ल प्रणालीसोबतच येऊ लागले आणि अंगभूत साधनांचा हा शोध नव्या संगणकांपुरता संपला.

सोय तीच, धोका तोच

जी ओळ वापरकर्त्याला हवी ती फाईल आणते, तीच ओळ घुसखोराला हवी ती फाईलही आणते. मे २००० मध्ये जगभर पसरलेला 'आय लव्ह यू' हा विषाणू ईमेलसोबत आलेली व्हीबीस्क्रिप्टच होता. स्वतःच्या प्रती पाठवण्याबरोबरच तो इंटरनेट एक्सप्लोररचे मुखपृष्ठ बदलून एक घातक प्रोग्रॅम उतरवून घेण्याचा प्रयत्न करी. जून २००४ मध्ये 'डाऊनलोड डॉट जेक्ट' या हल्ल्यात वेबपृष्ठ नुसते उघडताच 'एडीओडीबी स्ट्रीम'च्या मदतीने संगणकावर फाईल लिहिली जात असे. त्यावर मायक्रोसॉफ्टने २ जुलै २००४ रोजी या घटकाचा ब्राउझरमधील वापर बंद केला. संगणकावर स्वतंत्रपणे चालणाऱ्या स्क्रिप्टना मात्र तो पुढेही उपलब्ध राहिला.

प्रमाणपत्रांच्या व्यवस्थापनासाठी असलेला 'सर्टयूटिल' हा प्रोग्रॅमही फाइली उतरवू शकतो आणि घुसखोरांनी त्याचाही पुरेपूर वापर केला. त्यामुळे बिट्सअॅडमिन, सर्टयूटिल किंवा व्हीबीस्क्रिप्टने फाईल आणताना विषाणुरोधक प्रोग्रॅमने हरकत घेतली, तर ती निराधार असतेच असे नाही. कार्यालयातील संगणकावर अशी स्क्रिप्ट चालवण्यापूर्वी संबंधित व्यवस्थापकाला कल्पना देणे, हाच बरा मार्ग.

वाट नेमकी कोठे अडते?

एचटीटीपीएस पत्त्यावरील फाईल मागवताना प्रत्यक्ष फाईल येण्यापूर्वी दोन्ही संगणकांत थोडे संभाषण होते. आपण सुरक्षित संवादाच्या कोणत्या आवृत्त्या जाणतो, हे मागणारा संगणक सांगतो. सर्व्हर त्यांतील एक निवडतो आणि आपले प्रमाणपत्र दाखवतो. ते प्रमाणपत्र आपल्या विश्वासातील संस्थेने दिले आहे का, त्याची मुदत शिल्लक आहे का आणि त्यावरील नाव जुळते का, हे मागणारा संगणक तपासतो. यांतील एकही पायरी चुकली, तर फाईलचा एक बाइटही येत नाही. जुना संगणक प्रत्येक पायरीवर अडखळू शकतो.

आवृत्ती : टीएलएस १.० ही नियमावली जानेवारी १९९९ ची, टीएलएस १.२ ऑगस्ट २००८ ची आणि टीएलएस १.३ ऑगस्ट २०१८ ची. २००१ मध्ये आलेल्या विंडोज एक्सपीच्या सर्वसाधारण आवृत्तीला स्वतःहून टीएलएस १.० च्या पुढचे काही समजत नाही. मूळ आवृत्तीतील दोष उघड होत गेले, तसे सर्व्हरचालकांनी तिला दारे बंद केली. गिटहब या संकेतस्थळाने फेब्रुवारी २०१८ मध्ये १.० आणि १.१ या दोन्ही आवृत्त्या नाकारण्यास सुरुवात केली. मार्च २०२१ मध्ये इंटरनेटच्या मानके ठरवणाऱ्या मंडळानेही त्या औपचारिकरीत्या कालबाह्य ठरवल्या. विंडोज ७ ला १.२ येते, पण ती मुळात बंद ठेवलेली असते. त्यामुळे तेथील पॉवरशेल स्क्रिप्ट 'सुरक्षित वाहिनी निर्माण करता आली नाही' अशा अर्थाचा संदेश देते. आवश्यक दुरुस्त्या बसवल्यानंतर स्क्रिप्टमध्ये एक ओळ वाढवून टीएलएस १.२ वापरण्यास सांगितले, की काम सुरळीत होते.

नाव : आज एकाच पत्त्यावर अनेक संकेतस्थळे नांदतात. कोणते हवे ते संभाषणाच्या आरंभीच सांगण्याची सोय 'एसएनआय' या नावाने ओळखली जाते. विंडोज एक्सपीच्या अंगभूत यंत्रणेत ती नाही. परिणामी सर्व्हर भलत्याच संकेतस्थळाचे प्रमाणपत्र पुढे करतो आणि नाव जुळत नाही.

मूळ प्रमाणपत्रे : कोणत्या संस्थांवर विश्वास ठेवायचा याची यादी संगणकात साठवलेली असते आणि तिलाही मुदत असते. 'लेट्स एन्क्रिप्ट' या विनामूल्य सेवेची प्रमाणपत्रे ज्या जुन्या मूळ प्रमाणपत्राच्या आधारे ओळखली जात, त्याची मुदत ३० सप्टेंबर २०२१ रोजी संपली. नवे मूळ प्रमाणपत्र नसलेल्या यंत्रांना, तसेच ओपनएसएसएल १.० पिढीच्या अनेक प्रोग्रॅमना, त्या दिवसापासून असंख्य संकेतस्थळे अविश्वासार्ह वाटू लागली. सर्व्हरवर काहीही बिघडलेले नव्हते.

घड्याळ : सर्वांत क्षुल्लक आणि सर्वांत फसवे कारण. मदरबोर्डवरील नाण्याच्या आकाराची बॅटरी संपली, की संगणकाची तारीख कित्येक वर्षे मागे जाते. २००२ सालात वावरणाऱ्या संगणकाला २०२५ चे प्रमाणपत्र 'अजून लागू न झालेले' वाटते. म्हणून कोणतीही दुरुस्ती करण्यापूर्वी पडद्याच्या कोपऱ्यातील तारीख आणि साल पाहावे.

याखेरीज कधी कधी फाईलच जागेवर उरलेली नसते. एसएचए-१ या जुन्या पद्धतीने स्वाक्षरी केलेल्या विंडोजविषयक फाइली मायक्रोसॉफ्टने ऑगस्ट २०२० मध्ये आपल्या डाऊनलोड केंद्रावरून काढून टाकल्या. एफटीपीचे दारही अरुंद झाले. फायरफॉक्सने जुलै २०२१ मध्ये आणि क्रोमने त्याच वर्षी ऑक्टोबरमध्ये त्याचा आधार पूर्णपणे काढून घेतला.

चुकीचा उपाय

प्रमाणपत्राची तक्रार आली, की डब्ल्यूगेट आणि कर्ल या दोन्ही साधनांना 'तपासणी करू नकोस' असे सांगता येते. एक शब्द वाढवला की फाईल उतरू लागते आणि प्रश्न सुटला असे वाटते. हा शब्द एकदा स्क्रिप्टमध्ये शिरला, की तो वर्षानुवर्षे तेथेच राहतो.

तपासणी बंद केल्यावर संवाद सांकेतिक भाषेतच होतो, परंतु तो कोणाशी होतो आहे याची खात्री उरत नाही. वाटेतील कोणीही, उदाहरणार्थ सार्वजनिक वायफाय चालवणारा किंवा घुसखोरी झालेला राउटर, स्वतःला खरा सर्व्हर म्हणवून आपली फाईल पुढे करू शकतो. ही फाईल ड्रायव्हर किंवा सुरक्षेची दुरुस्ती असेल, तर ती संगणकाच्या सर्वोच्च अधिकारांनिशी चालवली जाते. ज्या संगणकाला उत्पादकाकडून दुरुस्त्या मिळणे थांबले आहे, त्याच्यावर अशी फाईल चालवणे म्हणजे घराची किल्ली अनोळखी माणसाच्या हाती देणे होय. विंडोज ९८ चे पाठबळ ११ जुलै २००६ रोजी, एक्सपीचे ८ एप्रिल २०१४ रोजी आणि विंडोज ७ चे १४ जानेवारी २०२० रोजी संपले. मे २०१७ मधील 'वॉन्नाक्राय' हल्ल्यानंतर मायक्रोसॉफ्टने एक्सपीसाठी अपवाद म्हणून दुरुस्ती दिली. असे अपवाद गृहीत धरून चालत नाही.

योग्य मार्ग : दोन टप्पे

पहिला टप्पा अद्ययावत संगणकावर पार पाडावा. फाईल उत्पादकाच्या अधिकृत संकेतस्थळावरून, तपासणी चालू ठेवून उतरवावी. संकेतस्थळावर एसएचए-२५६ हा ६४ अक्षरांचा ठसा दिलेला असेल, तर उतरलेल्या फाईलचा ठसा काढून तो अक्षरशः जुळतो का ते पाहावे. नव्या विंडोजमध्ये सर्टयूटिलने किंवा पॉवरशेलने तो काढता येतो. फाईलमध्ये एका अक्षराचा जरी बदल झाला, तरी ठसा पूर्णतः वेगळा येतो. विषाणुरोधक तपासणीही येथेच उरकावी.

दुसरा टप्पा म्हणजे ती फाईल जुन्या संगणकापर्यंत नेणे. विंडोज ९८ मध्ये पेन ड्राइव्हसाठी सर्वसाधारण ड्रायव्हर नसतो, त्यामुळे तेथे सीडी हा सोपा मार्ग. एक्सपीला पेन ड्राइव्ह चालतो, परंतु तो फॅट-३२ पद्धतीचा असल्यास एक फाईल चार गिगाबाइटहून लहान असावी लागते. दोन्ही संगणक एकाच जाळ्यात असतील, तर फोल्डर सामायिक करण्याचा मोह होतो. एक्सपीला त्यासाठी एसएमबीची पहिली आवृत्ती लागते आणि २०१७ च्या अखेरीपासून नवी विंडोज ती बसवत नाही. वॉन्नाक्राय याच आवृत्तीच्या विंडोजमधील दोषावाटे पसरला होता. ती पुन्हा सुरू करण्यापेक्षा अद्ययावत संगणकावर तात्पुरता, साधा एचटीटीपी सर्व्हर चालवावा. पायथन बसवलेले असेल तर त्यासाठी एक आज्ञा पुरते. काम होताच तो बंद करावा.

अशा मांडणीत जुनीच स्क्रिप्ट पुन्हा कामाला येते. व्हीबीस्क्रिप्ट असो किंवा जुने डब्ल्यूगेट, तिच्यातील फक्त पत्ता बदलून तो घरच्या जाळ्यातील संगणकाचा करायचा. डॉसवर चालणाऱ्या संगणकांसाठीही मायकेल ब्रुटमन यांच्या 'एमटीसीपी' या संचातील 'एचटीगेट' हे साधन याच रीतीने वापरता येते, कारण त्याला साधे एचटीटीपी पुरते. बाहेरच्या जगाशी बोलण्याची जबाबदारी नव्या संगणकाकडे आणि जुना संगणक चार भिंतींच्या आत, अशी ही वाटणी आहे. जुन्या संगणकाची बाहेरील इंटरनेट जोडणी राउटरमध्येच बंद करून ठेवली तर आणखी उत्तम.

दुसरा संगणक नसेल, तर स्वतःची सुरक्षायंत्रणा सोबत बाळगणारी कर्लची किंवा डब्ल्यूगेटची आवृत्ती वापरता येते. ती विंडोजच्या जुन्या यंत्रणेवर अवलंबून राहत नाही. त्यासाठी त्या प्रणालीवर चालणारी आवृत्ती आणि मूळ प्रमाणपत्रांची अलीकडची यादी, दोन्ही लागतात. फाईल उतरते, परंतु जुना संगणक इंटरनेटला जोडलेलाच राहतो, ही या मार्गाची मर्यादा ध्यानात ठेवावी.

चांगल्या स्क्रिप्टची लक्षणे

फाईल आली म्हणजे काम झाले, असे स्क्रिप्टने गृहीत धरू नये. सर्व्हरने 'पृष्ठ सापडत नाही' असे उत्तर दिले, तर निष्काळजी स्क्रिप्ट तेच पृष्ठ झिप किंवा प्रोग्रॅमच्या नावाने जपून ठेवते. म्हणून उत्तराचा क्रमांक २०० किंवा २०६ आहे का, ते आधी पाहावे. डाऊनलोड तात्पुरत्या नावाने करावे आणि आकार व ठसा जुळल्यावरच खरे नाव द्यावे. म्हणजे अर्धवट फाईल कोणी पूर्ण समजून वापरणार नाही.

एक्सपीवर एसएचए-२५६ काढण्याची अंगभूत सोय नाही. मायक्रोसॉफ्टचे 'एफसीआयव्ही' हे जुने साधन एमडी-५ आणि एसएचए-१ एवढेच जाणते. वाटेत फाईल बिघडली का, हे कळण्यास ते ठसे पुरेसे आहेत. हेतुपुरस्सर केलेली बनावट ओळखण्यासाठी मात्र त्यांवर विसंबू नये. एमडी-५ मधील त्रुटी २००४ मध्ये आणि एसएचए-१ मधील प्रत्यक्ष फोड फेब्रुवारी २०१७ मध्ये जगापुढे आली. म्हणून बनावटीची तपासणी पहिल्याच टप्प्यात उरकायची.

प्रयत्न फसला तर लगेच पुन्हा न धडकता वाढते अंतर ठेवावे आणि ठरावीक प्रयत्नांनंतर थांबावे. प्रत्येक वेळी काय घडले याची तारीखवार नोंद एका फाइलीत ठेवावी. दोन गिगाबाइटहून मोठ्या फाइलींसाठी डब्ल्यूगेटची १.१० किंवा त्यापुढील आवृत्ती वापरावी. २००५ पूर्वीच्या आवृत्त्यांची मोजदाद त्या आकड्यापाशी कोलमडते. परवलीचे शब्द स्क्रिप्टमध्ये उघड लिहू नयेत. ती साध्या मजकुराची फाईल असते आणि कोणालाही वाचता येते.

शिष्टाचार आणि कायदा

स्क्रिप्ट थकत नाही, म्हणून तिला आवर घालावा लागतो. काही मिनिटांत हजारो मागण्या करणारी स्क्रिप्ट लहान संकेतस्थळाला बंद पाडू शकते. डब्ल्यूगेटमध्ये दोन फाइलींमध्ये अंतर ठेवण्याची आणि वेग मर्यादित करण्याची सोय आहे, ती वापरावी. संकेतस्थळाच्या कोणत्या भागात स्वयंचलित साधनांनी येऊ नये, हे 'रोबोट्स' नावाच्या फाइलीत लिहिलेले असते. १९९४ पासूनचा हा संकेत सप्टेंबर २०२२ मध्ये अधिकृत नियमावलीत आला.

भारतात माहिती तंत्रज्ञान कायदा, २००० मधील कलम ४३ नुसार संगणकाच्या मालकाच्या किंवा प्रभारी व्यक्तीच्या अनुमतीविना त्यातील माहिती उतरवून घेणे किंवा तिची नक्कल करणे यासाठी भरपाई द्यावी लागू शकते. हेच कृत्य अप्रामाणिक हेतूने केल्यास कलम ६६ नुसार तो गुन्हा ठरतो. दुवा उघडा दिसला म्हणजे सारे काही उचलून नेण्याची परवानगी मिळाली, असा अर्थ होत नाही.

आजच करण्याचे काम

जुना संगणक बिघडल्यावर त्याचे ड्रायव्हर शोधायला निघणे म्हणजे आग लागल्यावर विहीर खणणे. उत्पादकांची जुनी पृष्ठे सूचना न देता नाहीशी होतात. म्हणून असा संगणक ज्यांच्याकडे कामात आहे, त्यांनी तो सुरू असतानाच त्याचे ड्रायव्हर, सॉफ्टवेअरच्या मूळ फाइली, अखेरच्या दुरुस्त्या आणि परवान्यांचे क्रमांक अद्ययावत संगणकावर गोळा करावेत. प्रत्येक फाईल कोठून व कधी उतरवली ते लिहावे, शेजारी तिचा ठसा नोंदवावा आणि हा संग्रह दोन वेगवेगळ्या ठिकाणी ठेवावा.

ही काळजी केवळ एक्सपीवाल्यांपुरती नाही. विंडोज १० चे सर्वसाधारण पाठबळ १४ ऑक्टोबर २०२५ रोजी संपले. आज त्यावर सहज उतरणाऱ्या फाइलींसाठी काही वर्षांनी हीच द्विस्तरीय वाट धरावी लागेल. प्रमाणपत्रांच्या मुदती ठरलेल्या आहेत आणि त्या संपणारच आहेत. फाइलींचा संग्रह मात्र सवडीने, दरवाजे उघडे असतानाच करता येतो.